‘बेंशी’ या जपानी शब्दाला मराठीत काय म्हणावे?

बोरीकाठ (अमळनेर):

नमस्कार. आम्ही गावातील दहा-बारा जण महिन्यातून एकदा एकत्र बसून एखादा जुना चित्रपट पाहतो. पुढच्या खेपेला १९३० च्या दशकातील एक जपानी मूकपट लावायचे ठरले आहे, आणि प्रेक्षकांच्या हाती देण्यासाठी एक पानी टिपण लिहिण्याचे काम माझ्या गळ्यात पडले आहे. टिपण बहुतेक लिहून झाले, पण एका शब्दापाशी गाडी अडली आहे. जपानमध्ये मूकपट चालू असताना पडद्याशेजारी उभा राहून कथा सांगणारा आणि सगळ्या पात्रांचे संवाद स्वतःच बोलणारा एक माणूस असे व त्याला ‘बेन्शी’ म्हणत, एवढे मला वाचून कळले. मी सरळ ‘निवेदक’ असे लिहिले. आमच्यातील एका सेवानिवृत्त गुरुजींनी त्यावर काट मारली आणि ‘निवेदक आकाशवाणीवर असतो, हा तर रडतो आणि ओरडतो’ असा शेरा समासात लिहून कागद परत केला. मग मी ‘सूत्रधार’ लिहिले, तर दुसऱ्या एका सदस्यांचे म्हणणे असे पडले की सूत्रधार नाटकाच्या आतला असतो, नांदीनंतर येतो आणि काम झाले की निघून जातो. हा मात्र पहिल्यापासून शेवटपर्यंत बाहेरच उभा असतो.

म्हणून जाणकारांना विचारतो. या शब्दाचा मूळ अर्थ काय आहे? तो सिनेमासाठीच घडवला गेला की आधीपासून भाषेत होता? आणि मूकपट जगभर सगळीकडे दाखवले जात असताना जपानमध्येच हा माणूस इतका मोठा का झाला? टिपणात दोन-तीन ओळींपेक्षा जास्त जागा नाही, परंतु त्या दोन-तीन ओळी चुकीच्या असू नयेत अशी इच्छा आहे.


जुनीरद्दी (धुळे):

आपल्या गुरुजींची काट योग्य आहे, असे मला वाटते, पण त्यांनी दिले त्यापेक्षा वेगळ्या कारणासाठी. हा शब्द मुळात सिनेमाचा नाहीच. तो सिनेमाहून दोन हजार वर्षांनी तरी जुना आहे.

‘बेन’ म्हणजे वाणी, बोलण्यातील कौशल्य, युक्तिवाद. आणि ‘शी’ म्हणजे एखाद्या विद्येत किंवा कामात अधिकार असलेला, मान असलेला पुरुष. ‘बुशी’ म्हणजे योद्धा, ‘रिकीशी’ म्हणजे सुमो मल्ल, आणि ‘बेंगोशी’ म्हणजे वकील, या शब्दांतला ‘शी’ तो हाच. ही दोन्ही अक्षरे चीनमधून आलेली असून, प्राचीन चिनी ग्रंथांत, झ्वांगझी या तत्त्वज्ञाच्या नावे असलेल्या ग्रंथातसुद्धा, हा जोडशब्द वादपटू माणसासाठी येतो. एका राजाच्या दरबारातून दुसऱ्याच्या दरबारात जाऊन आपल्या बोलण्याने राजाचे मत फिरवणारे जे लोक होते, ते या शब्दाचे पहिले धनी. म्हणजे व्युत्पत्तीने पाहिले तर मराठीत ‘वक्ता’ किंवा ‘वाक्पटू’ हा त्याला सर्वांत जवळचा शब्द ठरतो.

जपानमध्ये या शब्दाला नवा उजाळा मिळाला तो एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात. सभेपुढे उभे राहून सार्वजनिक विषयावर भाषण करण्याची आजच्यासारखी रीत तिथे तोपर्यंत नव्हती. फुकुझावा युकिची या विचारवंताने भाषण या कल्पनेसाठी ‘एन्झेत्सु’ हा शब्द रूढ केला आणि १८७५ मध्ये टोकियोतील मिता येथे भाषणांसाठी खास सभागृह बांधले, जे आजही उभे आहे. (न्यायमूर्ती रानडे यांनी पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली तेही १८७५ हेच वर्ष. दोन्हीकडे एकाच वेळी लोकांना ऐकण्याची चटक लागत होती, एवढाच या योगायोगाचा अर्थ.) पुढे लोकांच्या हक्कांसाठी आणि प्रतिनिधिसभेसाठी मोठी चळवळ उभी राहिली, गावोगावी सभा होऊ लागल्या, आणि त्या सभांमध्ये बोलणाऱ्याला ‘बेंशी’ म्हणू लागले. सरकारने १८८० मध्ये सभाबंदीचा कायदा केला, त्यानुसार गणवेशातील पोलीस सभेत येऊन बसत आणि भाषण त्यांना आक्षेपार्ह वाटले की ते मध्येच उठून ‘बेंशी, चूशी!’ अशी आरोळी देत. ‘वक्ते, थांबा!’ असा त्याचा सरळ अर्थ. ही आरोळी जपानी माणसाच्या कानात इतकी बसली की पुढे ती जवळपास म्हणीसारखी झाली.

सिनेमा आला तो या वातावरणात. एडिसनचे किनेटोस्कोप हे भोकातून डोकावून पाहण्याचे यंत्र नोव्हेंबर १८९६ मध्ये कोबे शहरात दाखवले गेले, आणि त्या यंत्राची माहिती सांगायला उभे राहिलेले उएदा होतेइकेन हे पहिले सिनेमा-बेंशी मानले जातात. पुढच्याच वर्षी, फेब्रुवारी १८९७ मध्ये, ल्युमिएर बंधूंचे पडद्यावरील चलच्चित्र ओसाकाला आले. त्या वेळची चित्रे एखाद्या मिनिटाची असत. प्रेक्षकाने पैसे मोजलेले आहेत, चित्र मिनिटात संपते आहे आणि पुढचे रीळ लावायला वेळ लागतो आहे, अशा स्थितीत कोणीतरी बोलत राहणे ही धंद्याची गरज होती. हे यंत्र कोणी शोधले, ते कसे चालते, पडद्यावर दिसणारी ती आगगाडी कुठल्या देशातली आहे, लोक एकमेकांना भेटताना तोंडाला तोंड का लावत आहेत, हे सगळे तो माणूस सांगे. सुरुवातीला त्याला ‘कोजो-ई’ म्हणत, म्हणजे रंगमंचावरून घोषणा करणारा. या शब्दात मोठेपणा काही नव्हता. ‘बेंशी’ हे नाव त्याला नंतर चिकटले, आणि ते चिकटताना सभेच्या व्यासपीठावरची प्रतिष्ठा सोबत घेऊन आले. जुन्या छायाचित्रांत हे लोक लांब कोट घालून किंवा पारंपरिक पोशाखात, टेबलामागे, पाण्याचा पेला ठेवून उभे दिसतात. तो सगळा थाट व्याख्यात्याचा आहे.

त्यामुळे माझे मत असे की टिपणात ‘चित्रवक्ता’ असा शब्द घडवावा आणि कंसात बेंशी लिहावे.


पेटीमास्तर (भुसावळ):

जुनीरद्दी यांनी शब्दाची वंशावळ उत्तम सांगितली, त्याबद्दल आभार. परंतु शब्दाच्या पणजोबांवरून माणसाचा धंदा कळत नाही, असे नम्रपणे नोंदवतो. ‘मास्तर’ हा शब्द इंग्रजांकडून आला म्हणून पेटी वाजवणारा कोणी जहाजाचा कप्तान होत नाही. बेंशी नावाने वक्ता असेल, पण त्याची कला व्यासपीठावरून आलेली नाही. ती रंगभूमीवरून आली आहे.

जपानच्या कठपुतळी-नाट्यात, म्हणजे बुनराकूमध्ये, बाहुल्या मुक्या असतात, त्यांना हलवणारेही मुके असतात, आणि बाजूच्या चौथऱ्यावर बसलेला ‘तायू’ हा एकटा गायक म्हातारा, तरुणी, खलनायक आणि लहान मूल या सगळ्यांचे बोलणे, रडणे, हसणे आपल्या गळ्यातून काढतो. शेजारी शामिसेन हे तीन तारांचे वाद्य वाजत असते. काबुकी या पारंपरिक नाट्यप्रकारातही गायक-वादक रंगमंचाच्या कडेला उघडपणे बसलेले असतात. बौद्ध मठांत चित्रांच्या गुंडाळ्या उलगडून, काठीने एकेक प्रसंग दाखवत कथा सांगण्याची ‘एतोकी’ नावाची पद्धत शतकानुशतके होती. सिनेमापूर्वी काचेवरील रंगीत चित्रे दिव्याच्या प्रकाशाने पडद्यावर हलवून दाखवण्याचे ‘उत्सुशी-ए’ नावाचे खेळ होत आणि त्यातही सांगणारा असेच. अंग एकीकडे आणि आवाज दुसरीकडे, यात जपानी प्रेक्षकाला खटकण्यासारखे काहीच नव्हते. उलट पडद्यावरची माणसे बोलत नाहीत आणि शेजारी कोणी बोलणाराही नाही, हेच त्याला अपुरे वाटले असते.

यात आपल्याकडच्या माणसानेही फार आश्चर्य करू नये. सिंधुदुर्गातील पिंगुळीचे चित्रकथी एकेक चित्र समोर धरून गात-बोलत रामायण सांगतात, ते एतोकीपेक्षा फार वेगळे नाही. कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन यांनी १८९२ मध्ये ‘शांबरिक खरोलिका’ या नावाने काचचित्रांचे खेळ सुरू केले, त्यात चित्रे पडद्यावर हलत, गाणी होत आणि निवेदनही चाले. म्हणजे मालमसाला आपल्याकडेही होता. मग आपल्याकडे बेंशी का झाला नाही, हा प्रश्न मला जास्त मोलाचा वाटतो.

एक बारकावा राहू नये. सुरुवातीच्या जपानी चित्रपटांसाठी पाच-सहा जण मिळून पडद्याआडून किंवा शेजारून एकेका पात्राचे संवाद बोलत, त्याला ‘कोवाइरो’, म्हणजे आवाजाचा रंग किंवा नक्कल, म्हणत. परदेशी चित्रपटाला मात्र एकटाच माणूस सांगणारा असे. हळूहळू एकट्याची पद्धत जिंकली. वाद्यवृंदात शामिसेन आणि व्हायोलिन शेजारी-शेजारी असत, ही गोष्ट पेटी वाजवणारा म्हणून मला फार आवडते.

माझी सूचना ‘कथेकरी’. कीर्तनकार म्हणावे असेही मनात आले होते, पण कीर्तनकाराला उपदेश करावाच लागतो.


बोरीकाठ (अमळनेर):

दोघांचेही मनापासून आभार. ‘चित्रवक्ता’ गुरुजींना दाखवला, तर ‘हा शब्द शासकीय परिपत्रकातला वाटतो’ असा अभिप्राय मिळाला. ‘कथेकरी’ त्यांनी वाचला आणि काही बोलले नाहीत, ही त्यांच्या बाबतीत पसंतीची खूण असते. तरी आणखी दोन शंका आहेत. काही ठिकाणी ‘कात्सुबेन’ असा शब्द दिसतो, तो हाच का? आणि देवनागरीत ‘बेन्शी’ लिहावे, ‘बेंशी’ लिहावे की ‘बेनशी’? माझ्याच टिपणात तिन्ही प्रकार झाले आहेत.


गोमाईपार (शहादा):

नोकरीनिमित्त सहा वर्षे जपानमध्ये होतो, म्हणून थोडे लिहितो.

आधी लेखनाविषयी. ‘बेंशी’ असे अनुस्वार देऊनच लिहावे आणि ‘वंश’, ‘अंश’ हे शब्द आपण मराठीत जसे उच्चारतो तसे वाचावे. श च्या आधीचा अनुस्वार आपण स्वच्छ ‘न’ म्हणून उच्चारत नाही, नाकातून व सारखा काढतो. जपानी माणूसही स आणि श यांच्या आधी तेच करतो, त्याची जीभ टाळूला टेकत नाही. ‘बेन्शी’ लिहिले की वाचणारा ठसठशीत न म्हणतो आणि उच्चार बिघडतो. मूळ शब्दातील शेवटची इ ऱ्हस्व आहे, परंतु मराठीच्या नियमाप्रमाणे शब्दाच्या शेवटी आपण ती दीर्घ लिहितो, तेव्हा त्याला हरकत नसावी.

‘कात्सुबेन’ हे जोडनाव आहे. सिनेमाला जपानीत आधी ‘कात्सुदो शाशिन’ म्हणत, म्हणजे हलती छायाचित्रे, अगदी आपल्या ‘चलच्चित्र’ सारखे. त्यावरून ‘कात्सुदो बेंशी’, आणि दोघांची डोकी जोडून ‘कात्सुबेन’. आपण जसे लांबलचक नाव तोडून हाक मारतो, तसा हा प्रकार आहे, आणि अशा हाकेत जो किंचित कमीपणा असतो तोही त्यात होता. कित्येक कलावंतांना तो आवडत नसे. स्वतःला ते ‘सेत्सुमेइशा’ म्हणवत, म्हणजे स्पष्टीकरण करणारा, उलगडून सांगणारा. आणि त्यांच्या कलेला ‘सेत्सुमेइ’ म्हणत. पुढे ‘कात्सुदो शाशिन’ हा शब्द मागे पडून सिनेमाला ‘एइगा’ हे नाव मिळाले, पण कात्सुबेन तसाच राहिला. आज तो कोणी हेटाळणीने वापरत नाही.

नुसता ‘बेंशी’ म्हटले तर मात्र आजच्या जपानी माणसाला मूकपट आठवेलच असे नाही. निवडणुकीत उमेदवारासाठी भाषण करायला बाहेरगावाहून येतात त्या पुढाऱ्यांना ‘ओएन बेंशी’ म्हणतात, म्हणजे पाठिंब्याचे वक्ते. शाळेतील वक्तृत्व स्पर्धेत बोलणारा विद्यार्थीही बेंशीच. तेव्हा जुनीरद्दी म्हणतात तो अर्थ अजून जिवंत आहे, आणि सिनेमाचा अर्थ दोन-तीन पिढ्या त्यावर मुक्काम करून बहुतांशी निघून गेला. त्यातले एक अक्षर तर आपण सर्वांनी खाल्लेही आहे. जपानी डब्यातील जेवणाला ‘बेंतो’ म्हणतात त्यातला ‘बेन’ आज याच चिन्हाने लिहितात, पण तो मुळात निराळा होता. दुसऱ्या महायुद्धानंतर लिपी सोपी करताना वाणीचा बेन, विवेकाचा बेन आणि फुलाच्या पाकळीचा बेन अशी तीन वेगवेगळी अक्षरे एकाच साध्या चिन्हात घातली गेली. बोलीभाषेलाही ‘बेन’ म्हणतात. ओसाकाकडची बोली ती ‘कानसाइ-बेन’. त्या हिशेबाने आपली अहिराणी ‘खान्देश-बेन’ झाली.

आणि एक. टोकियोत एकदा बेंशीसह मूकपट पाहण्याचा योग आला. पडद्याच्या डाव्या हाताला लहान उतरते टेबल होते, त्यावर कागदांची चळत आणि पुढच्या बाजूने झाकलेला छोटा दिवा. त्या दिव्याचा उजेड फक्त कागदावर आणि बाईंच्या बोटांवर पडत होता. (हो, सांगणाऱ्या बाई होत्या.) मला भाषा निम्मीच कळत होती. एका प्रसंगात आई मुलाला निरोप देते, आणि त्या बाई तिथे काहीच बोलल्या नाहीत. वादकांनीही वाद्ये खाली ठेवली. पडद्यावरची आई वळून पाहते तेवढ्या क्षणी त्यांनी नुसता श्वास घेतला, तो मागच्या रांगेपर्यंत ऐकू आला, आणि शेजारच्या आजोबांनी रुमाल काढला. सांगणाऱ्याचे काम गप्प कुठे बसावे हे ठरवण्याचेही असते, हे मला तिथे कळले.


जुनीरद्दी (धुळे):

गोमाईपार यांचा शेवटचा परिच्छेद वाचून तोकुगावा मुसेइ आठवले. या कलेतील सर्वांत गाजलेल्या नावांपैकी हे एक. आधीच्या पिढीतील कोमादा कोयो हे गावोगावी चित्रपट घेऊन फिरत आणि ‘अतिशय असामान्य’ अशा अर्थाचे आपले ठरलेले शब्द इतक्या वेळा वापरत की तीच त्यांची ओळख झाली. मुसेइ (१८९४–१९७१) अगदी उलटे. कमी बोलायचे, चढवून बोलायचे नाही आणि दोन वाक्यांतील अंतराला, ज्याला जपानीत ‘मा’ म्हणतात, फार जपायचे, ही त्यांची रीत. त्यांच्या नावाचीही गंमत आहे. ते ज्या चित्रपटगृहात बोलत त्याचे नाव ‘आओइ’ या वनस्पतीवरून होते, ती वनस्पती तोकुगावा या शोगुन, म्हणजे लष्करी राज्यकर्त्यांच्या, घराण्याचे चिन्ह, म्हणून यांचे आडनाव तोकुगावा पडले. आणि ‘मुसेइ’ म्हणजे स्वप्नाचा आवाज. मूकपट गेल्यावर ते नभोवाणीवर कादंबरीवाचन करू लागले आणि तिथेही तितकेच लोकप्रिय झाले.

चित्रपट सुरू होण्याआधी बेंशीने पुढे येऊन कथेची ओळख करून देण्याचा प्रघात होता, त्याला ‘माएसेत्सु’, म्हणजे आधीचे सांगणे, म्हणत. चित्रपट लांब झाले, चित्रातच कथा पुरेशी कळू लागली, तसे हे आधीचे सांगणे गळून पडले आणि चित्रासोबतचे सांगणे राहिले. माझ्या माहितीप्रमाणे दूरदर्शनच्या चित्रीकरणाआधी जमलेल्या प्रेक्षकांना हसवून तयार करण्याला जपानमध्ये अजून माएसेत्सुच म्हणतात. गोमाईपार यांनी चूक असल्यास सांगावे.

सरकारचे लक्ष यांच्यावर होतेच. टोकियोच्या पोलिसांनी १९१७ मध्ये सिनेमाचे नियम केले, त्यात काही चित्रपट पंधरा वर्षांखालील मुलांना बंद केले, स्त्री-पुरुषांची आसने वेगळी केली आणि बेंशींना परवाना घेणे सक्तीचे केले. याचे कारण उघड आहे. चित्रपटाची रिळे तपासून कापता येतात, पण त्याच चित्रावर हा माणूस रोज काय बोलेल याचा भरवसा कोणी द्यावा? पडद्यावरच्या जुलमी सरदाराकडे बोट दाखवून तो आजच्या मंत्र्याविषयीही बोलू शकतो. जपानच्या ताब्यातील कोरिया आणि तैवानमध्ये ही भीती अधिक खरी होती. तिथेही हीच दोन अक्षरे स्थानिक उच्चाराने चालत, कोरियात ‘प्योन्सा’ म्हणत. आणि तैवानमध्ये १९२० च्या दशकात सांस्कृतिक चळवळीच्या लोकांनी फिरते चित्रपट दाखवताना स्थानिक भाषेत सांगणारे सोबत नेले, तेव्हा पोलीस तिथेही येऊन बसू लागले. व्यासपीठावरचा बेंशी आणि पडद्याशेजारचा बेंशी यांची इथे पुन्हा गाठ पडते. पेटीमास्तर, पणजोबा इथे नातवाच्या चेहऱ्यात दिसतात, एवढे तरी मान्य करा.

शत्रू त्यांना आतूनही होते. १९१० च्या दशकाच्या अखेरीस काएरियामा नोरिमासा आणि इतर तरुण मंडळींनी ‘शुद्ध चित्रपटा’ची मागणी केली. स्त्रियांची कामे स्त्रियांनीच करावीत, कॅमेरा जवळ न्यावा, पडद्यावर संवाद-निवेदन लिहिलेल्या पाट्या द्याव्यात आणि चित्राने स्वतःच्या बळावर उभे राहावे, असे त्यांचे म्हणणे. पहिल्या तीन गोष्टी झाल्या, बेंशी मात्र हलला नाही. जाहिरातीत त्याचे नाव नटांपेक्षा मोठ्या अक्षरांत छापले जाई आणि लोक चित्रपट निवडताना ‘आज कोण सांगणार आहे’ हे आधी पाहत. १९२० च्या दशकाच्या उत्तरार्धात जपानभर जवळपास सात हजार बेंशी होते आणि त्यात स्त्रियाही होत्या. माझे वैयक्तिक मत विचाराल तर ते तरुण तत्त्वाने बरोबर होते, पण त्यांच्या वेळी जपानमध्ये मी असतो तर तिकीट मात्र बेंशीच्याच खेळाचे काढले असते.


पेटीमास्तर (भुसावळ):

मान्य.

शेवटाविषयी मी लिहितो. पहिला यशस्वी जपानी बोलपट १९३१ मध्ये आला, आणि आपल्याकडचा ‘आलम आरा’ही त्याच वर्षी १४ मार्चला मुंबईत झळकला. परंतु आपल्याकडे तीन-चार वर्षांत मूकपटांचा कारभार गुंडाळला गेला, तर जपानमध्ये त्याहून अधिक काळ मूकपट निघत राहिले. ओझू यासुजिरो यांच्यासारख्या दिग्दर्शकाने आपला पहिला बोलपट १९३६ मध्ये केला. ध्वनियंत्रांचा खर्च हे एक कारण, आणि बेंशींची लोकप्रियता व त्यांच्या संघटनांचे बळ हे दुसरे. परदेशी बोलपट येऊ लागले तेव्हा काही ठिकाणी त्यांचा आवाज बारीक करून बेंशी वरून बोलत असे. दोन कीर्तने एकाच मांडवात चालावीत तसा तो प्रकार झाला असणार. १९३१ पासून परदेशी बोलपटांवर जपानी अक्षरे छापून येऊ लागली आणि त्या सोयीने यांचे काम काढून घेतले.

१९३२ मध्ये चित्रपटगृहांनी कपात सुरू केली तेव्हा संप झाले. संपाच्या पुढाऱ्यांत सुदा तेइमेइ या नावाने बोलणारा एक तरुण बेंशी होता. त्याचे खरे नाव कुरोसावा हेइगो. पुढे विख्यात दिग्दर्शक झालेल्या अकिरा कुरोसावांचा हा थोरला भाऊ. धाकट्याला सिनेमाचे वेड लावणारा तोच. संप फसला, आणि १९३३ मध्ये हेइगोने आत्महत्या केली. बाकीच्यांपैकी कोणी नभोवाणीवर गेले, कोणी हास्यकथनाकडे वळले, आणि पुष्कळ जण सायकलवर लाकडी चौकट बांधून गल्लीबोळांत मुलांना चित्रांची कथा सांगत गोळ्या-बिस्किटे विकू लागले. त्या प्रकाराला ‘कामिशिबाइ’ म्हणतात.

आपल्या मूळ प्रश्नातील ‘जपानमध्येच का’ यावर एक दुरुस्ती सुचवतो. सुरुवातीला सांगणारा सगळीकडे होता. फ्रान्समध्ये होता, स्पेनमध्ये तर त्याला ‘एक्सप्लिकादोर’ असे नावही होते. पाट्या आल्या आणि कथा लांबल्या तसा तो तिकडे निरोप घेऊन गेला. जपानमध्ये तो गेला नाही, एवढाच फरक. आणि तो न गेल्यामुळे पुढे चित्रपट त्याच्यासाठी जागा सोडून बनवले जाऊ लागले. कित्येक जपानी मूकपटांत पाट्या कमी दिसतात, कारण तो भरून काढील हे गृहीत धरलेले होते. आज असे चित्रपट शांततेत लावले तर ते अर्धेच पाहिल्यासारखे होते.


डोंगरीनाला (चाळीसगाव):

वरील चर्चा वाचत होतो, राहवले नाही म्हणून लिहितो. पेटीमास्तर यांनी विचारले की आपल्याकडे बेंशी का झाला नाही. मला वाटते, झाला होता. त्याला कोणी नाव दिले नाही.

माझे आजोबा पारोळ्याकडचे. ते सांगत की लहानपणी अमळनेरला सखाराम महाराजांच्या यात्रेत, बोरीच्या वाळवंटात तंबू ठोकून सिनेमा दाखवत. रामायणातला कुठलासा मूकपट होता. पडद्यावर पाटी आली की तंबूत गलका होई, कारण बहुतेकांना वाचता येत नव्हते. मग पुढच्या रांगेत बसलेला एक पाटीलकीतला माणूस उभा राही आणि पाटी वाचून दाखवी. तो नुसते वाचत नसे. पाटी असे हिंदीत, आणि हा सांगे अहिराणीत: ‘आते मारोती लंकामा जाई ऱ्हायना, दखा!’ एकदा पाटी लवकर गेली, याला वाचताच आली नाही, तर त्याने मनानेच संवाद रचला आणि तो इतका रंगला की पुढच्या पाट्या कोणी बघितल्याच नाहीत. आजोबांना त्या चित्रपटाचे नाव कधी आठवले नाही, पण त्या माणसाच्या डोक्याचा लाल पटका ते शेवटपर्यंत सांगत.

दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये पाट्या एकाहून अधिक भाषांत होत्या, आणि पुढेही भाषा वाढतच गेल्या. इतक्या भाषांच्या देशात एकच सांगणारा सगळीकडे पाठवणे शक्य नव्हते. जिथे खेळ तिथला माणूस, असेच चालणार. त्याला पगार नाही, परवाना नाही, जाहिरातीत नाव नाही. शिवाय आपल्या पौराणिक चित्रपटांची कथा प्रेक्षकाला आधीच पाठ होती. कोबेच्या प्रेक्षकाला पॅरिसचा रस्ता समजावून सांगावा लागे. बोरीच्या वाळूत बसलेल्याला रावण कोण हे सांगण्याची गरज नव्हती. तिथे सांगणारा हवा होता तो फक्त पाटी वाचण्यापुरता, आणि धंदा उभा राहायला तेवढे पुरत नाही.

‘कथेकरी’ शब्दाला माझी पसंती आहे.


बोरीकाठ (अमळनेर):

सर्वांचे ऋण मानतो. डोंगरीनाला यांचा प्रतिसाद आमच्या गटात मोठ्याने वाचून दाखवला. त्याचा परिणाम असा झाला की गुरुजींनी त्या दिवशी पडद्याशेजारी उभे राहून पाट्या अहिराणीत सांगण्याचे स्वतःहून कबूल केले आहे. टिपणातील ओळी आता अशा केल्या आहेत, कृपया तपासाव्यात:

‘बेंशी: मूळ अर्थ सभेत बोलणारा वक्ता. जपानमध्ये १८९६ पासून चित्रपटाच्या खेळात पडद्याशेजारी उभे राहून कथा सांगणाऱ्या आणि सर्व पात्रांचे संवाद बोलणाऱ्या कलावंतालाही हेच नाव मिळाले. याला मराठीत चित्रपटाचा कथेकरी म्हणता येईल. बोलपट आल्यावर ही कला संपली.’


गोमाईपार (शहादा):

जुनीरद्दी यांचे माएसेत्सुविषयीचे म्हणणे बरोबर आहे.

टिपणात दोन बदल सुचवतो. ‘१८९६ पासून हेच नाव’ असे लिहिल्यास पहिल्या दिवसापासून त्यांना बेंशी म्हणत असा समज होतो. तेव्हा ‘१८९६ पासून’ हे शब्द कथा सांगण्याच्या कामाला जोडावेत आणि नावापुढे ‘पुढे’ घालावे. आणि शेवटचे वाक्य काढून टाकावे. मात्सुदा शुन्सुइ (१९२५–१९८७) यांनी युद्धानंतर जुन्या मूकपटांची रिळे जमवली आणि स्वतः सांगत राहिले, त्यांच्या शिष्या सावातो मिदोरी यांनी ती कला जगभर नेली, आणि त्यांच्या शिष्यांपैकी कित्येक आजही खेळ करतात. जुन्या बेंशींच्या सांगण्याच्या ध्वनिमुद्रिका त्या काळी निघाल्या होत्या, त्या ऐकून नवे लोक शिकतात. तेव्हा ‘संपली’ ऐवजी ‘आज मोजके कलावंत ही कला सांभाळतात’ असे लिहावे.


बोरीकाठ (अमळनेर):

दोन्ही बदल केले. आता फक्त दिव्याचा प्रश्न उरला आहे. गुरुजींना वाचायला उजेड हवा आणि तो पडद्यावर जाता कामा नये. काल घरचा टेबलावरचा दिवा लावून पाहिला, तर पडद्याचा डावा कोपरा पिवळा दिसू लागला.


गोमाईपार (शहादा):

वहीच्या जाड पुठ्ठ्याची नळी करून दिव्याच्या तोंडावर बसवा आणि आतल्या बाजूने काळा कागद चिकटवा. टेबल पडद्याच्या रेषेत न ठेवता हातभर पुढे, प्रेक्षकांच्या बाजूला ओढा. आणि कागद पांढरे नसावेत, त्यांचाही उजेड परत फेकला जातो. खाकी कागदावर ठळक शाईने लिहून द्या, गुरुजींच्या चष्म्यालाही ते सोयीचे पडेल.